नव्या फिल्टरमधला चुरा

प्रिय भिंग्या,

पाकिटावरचं अक्षर बघूनच तू ओळखलं असशील, आणि उघडावं की तसंच कचऱ्याच्या टोपलीत टाकावं यावर दोन मिनिटं विचारही केला असशील. उघडलंस, म्हणजे अर्धं काम झालं. फोन करता आला असता, पण तू उचलला नसतास. आणि उचलला असतास तर मी मुद्द्यावर यायच्या आधीच आपली जुंपली असती. कागदाचं बरं असतं, मधे कोणी तोंड घालत नाही. सात वर्षं आपण बोललो नाही, तेही एका ऑइल फिल्टरपायी. तुझं दुकान आणि माझं गॅरेज यांच्यात जेमतेम दोन गल्ल्या. बँकेत जाताना मी तुझी गल्ली टाळून मागच्या रस्त्याने जातो. तीनशे ऐंशी पावलं जास्त पडतात. मोजली आहेत. हसू नकोस, मला 'सूतभर' हे नाव तूच ठेवलंस ना? काहीही बसवताना 'सूतभर डावीकडे, सूतभर उजवीकडे' करत बसतो म्हणून.

आधी घरचं सांगतो. तुझी वहिनी मजेत आहे, गुडघे सोडून. लेकीला नोकरी लागली आणि तिने स्वतःच्या पैशाने एक जुनी गाडी घेतली, मला न विचारता. मी गाडीखाली शिरून तासभर बघितलं. एकही खोट सापडली नाही, याचं मला जेवढं बरं वाटलं तेवढंच वाईटही वाटलं. पण पहिल्या सर्व्हिसिंगला बाईसाहेबांनी फिल्टर मागवला तो फोनवरून, निम्म्या किमतीत, आणि माझ्या हातात ठेवून म्हणाली, "बाबा, तुमचे दुकानदार लुटतात बघा तुम्हाला." मी म्हटलं, जरा माझा चष्मा आण. खोक्यावरच्या अक्षरांच्या कडा फुगलेल्या. चमकीचा शिक्का तिरका करून बघितला तर नुसतीच चमक, आत काही सरकत नाही की बदलत नाही. खोक्यावरचा नंबर आणि फिल्टरच्या अंगावरचा नंबर यांत शेवटचा आकडा वेगळा. रबरी रिंग कोरडी ठणठणीत, नखाने उचलली तर खोबणीतून बाहेरच आली. आट्यांवरून बोट फिरवलं तर खरखर. स्वयंपाकघरातल्या काट्यावर ठेवला. खऱ्यापेक्षा पंचेचाळीस ग्रॅम कमी. आता वजन कमी म्हणजे नकलीच असं काही नाही, हे मी तिला बजावलं, पण इतक्या साक्षीदारांत तोही एक. तुझी वहिनी ओरडली ते वेगळंच, तिच्या काट्यावर गाडीचं सामान ठेवलं म्हणून. आणि लेक काय म्हणाली ठाऊक आहे? "हे सगळं भिंगवाल्या काकांनी शिकवलं ना तुम्हाला?" मी म्हटलं, माझं मीच शिकलो. ती म्हणाली, "बरं." तिचं ते 'बरं' तू ऐकायला हवं होतंस.

दुसरी बातमी, मी मास्तर झालोय. नववीत शाळा सोडलेला माणूस! मेकॅनिकांच्या संघटनेने दर रविवारी हॉलमध्ये एक वर्ग सुरू केलाय, नवीन गॅरेजवाल्यांसाठी, आणि विषय दिलाय खरे पार्ट कसे ओळखावेत. चोवीस जण येतात, त्यांत पाच बायका. फळा आहे, खडू आहे, मी आदल्या दिवशी शर्टाला इस्त्री करून ठेवतो. पहिल्याच दिवशी छाती फुगवून सांगितलं की मी कोणाकडून शिकलो नाही, इंजिन हाच माझा गुरू. टाळ्या पडल्या. घरी येताना मात्र लेकीचं ते 'बरं' कानात वाजत राहिलं.

कारण ते तितकंसं खरं नाही. मी त्या जुन्या गॅरेजात घासलेटच्या डब्यात नटबोल्ट धूत होतो आणि तू समोरच्या दुकानात दुसऱ्याच्या काउंटरमागे उभा होतास, तेव्हापासूनचं आठवतंय मला. मालकाने टाकून दिलेलं इंग्रजी मॅन्युअल मी उचलून आणलं होतं, आणि जेवणाच्या सुट्टीत तू मला त्यातला एकेक शब्द सांगायचास, तुझ्या पार्टांच्या यादीतून शिकलेला. अर्धे उच्चार चुकीचे होते, हे आपल्याला फार उशिरा कळलं. मी ते आजही तसेच करतो. फिल्टरच्या आतला तो रबरी पडदा, इंजिन बंद झालं की तेल माघारी उतरू न देणारा, तो कशासाठी असतो ते मी तुला समजावलं; आणि खोका कसा वाचायचा ते तू मला. खिशातून भिंग काढायचास आणि म्हणायचास, "इंजिन तुझं, खोका माझा. एकमेकांच्या घरात शिरायचं नाही." पुढे स्वतःचं दुकान झाल्यावर तर तू फिल्टर विकताना खोका फाडूनच द्यायचास. गिऱ्हाईक कुरकुरायचं, तर सांगायचास की रिकामा अख्खा खोका म्हणजे चोराला आयतं घर, उद्या त्यात नकली माल भरून तुम्हालाच विकतील. एका बाईंना खोक्यावरचं चित्र नातवाला द्यायचं होतं, तर तू चित्र कापून दिलंस आणि उरलेला खोका फाडलास. हे सगळं मी माझ्या डोळ्यांनी बघितलं होतं. असा माणूस नकली माल ठेवील का, एवढा साधा प्रश्न त्या दिवशी मला पडायला हवा होता.

त्या दिवसाचं आता लिहितो. तुला पाठ असेल, पण माझ्या बाजूनेही एकदा होऊ दे. ती टॅक्सी माझ्याकडे ओढत आणली होती. इंजिन ठोकत होतं. उघडलं तर बेअरिंगा खाऊन गेलेल्या, तेल काळं डांबर. फिल्टर तुझ्याकडचा, मीच बसवलेला. माझ्या फळीवर तुझ्याकडून आणलेले आणखी तीन कोरे होते. माझं डोकं फिरलं. त्या तिन्हींतला एक उचलला, लोखंड कापायचा हॅक्सॉ उचलला आणि तुझ्या दुकानात आलो. काउंटरवर तीन गॅरेजवाले उभे होते, तो जाड्या, तो रेडिएटरवाला आणि पलीकडचा डेंटिंगवाला. तुला एका शब्दाने न विचारता मी तुझ्या काउंटरवर फिल्टर धरला आणि कापला. पांढऱ्या कागदावर उपडा केला. लोखंडाचा चकचकीत चुरा पडला, चिमूटभर. मी ओरडलो, "बघा, कोऱ्या फिल्टरमध्ये लोखंड! हा माल विकतो हा!" आणि बरंच काही ओरडलो. उचलली जीभ लावली टाळ्याला. तू भिंग काढून तो चुरा बघितलास, मग फिल्टरच्या अंगावरचा नंबर बघितलास, मग माझ्याकडे बघून म्हणालास, "सूतभर, तू चुकतोयस. कुठे चुकतोयस ते मला सांगता येत नाही, पण चुकतोयस." मला वाटलं, उत्तर नाही म्हणून असं बोलतोय. मी निघून आलो, ते आजपर्यंत.

आता वर्गाकडे येतो. तीन आठवड्यांपूर्वीचा रविवार. लेकीचा तो नकली फिल्टर मी मुद्दाम नेला होता, सगळ्यांसमोर कापून दाखवायला. हॅक्सॉ लावला, कापला, कागदावर उपडा केला. चुरा पडला. मी म्हटलं, बघा, हा असला माल. पहिल्या रांगेत एक बाई बसते, आधी पत्र्याचे डबे बनवायच्या कारखान्यात होती, आता नवऱ्याबरोबर गॅरेज चालवते. ती म्हणाली, "मास्तर, आता खरा पण कापा की." मी म्हटलं, खरा तो खरा, त्याला कशाला कापायचं? ती म्हणाली, "मग आम्हाला फरक कसा दिसणार?" रास्त होतं. कंपनीच्या अधिकृत दुकानातून आणलेला सीलबंद फिल्टर टेबलावर होताच. घातला हॅक्सॉ, उपडा केला. भिंग्या, तेवढाच चुरा. तस्साच, चकचकीत. मग ती बाई शांतपणे म्हणाली, "मास्तर, करवतीचा भुसा फिल्टरच्या नावावर का घालताय?" सगळा हॉल हसला. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. मीही हसलो, कारण दुसरं काही करता येत नव्हतं. पण मला तुझ्या काउंटरवरचा तो चिमूटभर चुरा दिसत होता, आणि त्याची गोष्ट त्या चोवीस जणांत कोणालाच माहीत नव्हती.

पत्रा करवतीने कापला की चुरा आत पडणारच. पोरासोरालाही कळावं असं आहे. तीस वर्षं इंजिनं उघडणाऱ्या माणसाला नाही कळलं, कारण त्याने खरा फिल्टर जन्मात कधी कापूनच बघितला नव्हता. बाईने सांगितलं की डबा उघडतात तसं गोल फिरणाऱ्या चाकाने कापायचं, कण पडत नाही. नळवाल्याकडून मोठा पाइप कटर आणला, त्याचं चाक बदललं, दोन संध्याकाळी घासून माझं हत्यार तयार केलं. मग माळ्यावर चढलो. तुझे उरलेले दोन फिल्टर मी तेव्हा पुरावा म्हणून पिशवीत बांधून ठेवले होते, वर तारीख घालून. एक खाली आणला, पांढऱ्या कागदावर धरून कापला. कागद कोरा. आतल्या कागदी घड्या मोजल्या, छप्पन्न, सगळ्या सारख्या अंतरावर, डिंकाची रेघ सरळ. रबरी पडदा सात वर्षांनीही मऊ. दुसराही कापला, मनाची खात्री म्हणून. तसाच. तुझा माल खरा होता. मग त्या टॅक्सीवाल्याला शोधून काढलं. तो म्हणाला, "अहो, तेव्हा दीड वर्ष तेल कुठे बदललं होतं मी! वेळच नव्हता." मी म्हटलं, मग तेव्हा सांगितलं का नाहीस? तर म्हणे, "तुम्ही विचारलंच कुठे? तुम्हीच मला सांगत होतात." फिल्टर कधी बसवला ते माझ्या वहीत तारखेसकट लिहिलेलं होतं. मीच लिहिलं होतं. उघडून बघितलं नाही.

तुझ्या वहिनीला सांगितलं. वाटलं होतं, चार शब्द समजुतीचे बोलेल. ती म्हणाली, "मला काय सांगता? भावजींना सांगा. सात वर्षं मला त्यांच्या बायकोशी चोरून गप्पा माराव्या लागतायत तुमच्यामुळे." हे मला नवीनच होतं. मग एकेक करून त्या तिघांकडे गेलो. जाड्याने पुरतं ऐकलं आणि म्हणाला, मला तेव्हाच शंका आली होती. हे खोटं आहे, पण असू दे. रेडिएटरवाला म्हणाला की त्याने चार महिने तुझ्याकडचा माल बंद ठेवला होता, आणि त्याला त्याचं वाईट वाटलं. डेंटिंगवाला मात्र माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाला, "मी दुसऱ्याच दिवशी त्याच्याकडून दोन फिल्टर घेतले. तुझं कोण ऐकतं रे?" आयुष्यात पहिल्यांदा, माझं कोणी ऐकलं नाही याचा मला आनंद झाला.

आता हे पत्र कशासाठी, ते. मी चुकलो होतो. तुला तेव्हा सांगता येत नव्हतं की कुठे, म्हणून मी शोधून लिहितोय: हॅक्सॉमध्ये. आणि त्याच्याही आधी, तुला न विचारण्यात. हे तिघांना एकेकट्याने सांगून झालं, पण मी बोललो होतो तुझ्या काउंटरवर, तुझ्यासमोर, तर परत घ्यायचं तेही तिथेच. तिघेही येत्या रविवारी सकाळी दहाला यायला तयार आहेत, आणि माझ्या वर्गातली ती डबेवाली बाईही, तिला म्हणे सोडवतच नाही. तुझ्या फळीवरचा कुठलाही फिल्टर तू काढ, पैसे मी देईन, खोका तू फाड. मी माझ्या नव्या हत्याराने कापीन आणि काय बोलायचं ते सगळ्यांदेखत बोलेन. पण काउंटर तुझा आहे, तेव्हा आधी विचारतोय: येऊ का? नाही म्हणालास तर मला वाईट वाटेल, पण तो तुझा हक्क आहे. हो म्हणायचं असेल तर फोन कर. नुसत्या शिव्या द्यायला केलास तरी चालेल, मी मधे बोलणार नाही.

तुझाच,
सूतभर