अर्धं शटर

३ फेब्रुवारी
शटर गेलं! त्या जागी वर्ध्याहून आणलेली काच. हे सकाळपासून ती पुसतायत. बाबूजी, म्हणजे माझे सासरे, दुकानात पाय ठेवायला तयार नाहीत. "अकरा तारखेले काय करशीन, भूपेंद्र?" हे हसले. मला नाही हसू आलं.

लग्न होऊन आल्यापासून बघतेय, अकरा फेब्रुवारीला दुपारी चौकातली सगळी दुकानं शटर अर्धं खाली घेतात. गिऱ्हाईक आलंच तर वाकून आत येतं. का, ते कोणी सांगत नाही. म्हणे रिवाज!

६ फेब्रुवारी
नाचणगावच्या आनंदाबाई आल्या होत्या. दरवर्षी येतात, आमच्या पायरीवर बसतात. आज काचेवरून हात फिरवत राहिल्या. मी चहा दिला, तेव्हा बोलल्या. माझ्या लग्नाच्या कितीतरी आधी, अशाच एका अकरा फेब्रुवारीला, त्यांचा भाऊ गोपाल पोरं पळवतो अशी अफवा उठली आणि जमाव त्याच्या मागे लागला. तो चौकात आला तशी एकेक शटर पडत गेलं. आमचं अर्धं उघडं होतं. तो वाकला, आणि आतून कोणीतरी ते पुरतं खाली ओढलं. जमावानं त्याला आमच्या पायरीवरच मारून टाकलं.

तेव्हापासून हा रिवाज. पळणाऱ्याला वाकून आत येता यावं म्हणून.

"आता तं वाकाले जागाच नाई ठेवली तुमी," म्हणाल्या. बाबूजी मागच्या खोलीत गेले ते जेवायलाही आले नाहीत.

८ फेब्रुवारी
आनंदाबाईंच्या नातवानं, आदेशनं, खांबावर पाटी बांधली. 'गोपाल चौक'. तो शाळेच्या पोरांची ऑटो चालवतो. दुपारी पाटीवर डांबर!

९ फेब्रुवारी
मोबाइलवर फिरतंय – आदेश पोरं पळवतो. तेच शब्द. चौकात कोणाला तरी तेही आठवत होते.

१० फेब्रुवारी
ह्यांना म्हटलं, उद्या दुकान बंद ठेवू. "काऊन? भिऊन राह्यली का?"
हो. भितेय.

११ फेब्रुवारी, दुपार
शटरं पडली. अर्धी नाही, पुरती. आदेश धावत आमच्याकडेच आला, मागे जमाव. ह्यांनी कुलूप लावलं होतं. बाबूजींनी ह्यांच्या हातातून किल्ली हिसकली, दार उघडलं आणि त्याला आत घेऊन पुन्हा लावलं.

आदेश गल्ल्यामागे बसलाय. हे पोलिसांना फोन लावतायत, लागत नाही. दुसरं काही करता येत नाही म्हणून लिहितेय. शटर असतं तर आता खाली ओढलं असतं.

काच आहे. बाहेर सगळा चौक उभा आहे, आत बघत.