मेल्यावर मिशा काढल्याचा परिणाम

हॉलिवूड, ऑक्टोबर १९५१

आदरणीय क्लाइडमामांना वेंडेलचा नमस्कार,

तुमचा गुडघा कसा आहे? एडनामामीची खोकल्याची तक्रार (आणि तुमच्याविषयीचीही) कमी झाली असावी. मी इथे खुशाल आहे. म्हणजे पडद्यावर मेलो आहे, पण ते सविस्तरच सांगायला हवं, कारण तो सिनेमा येत्या शनिवारी तुमच्याच थिएटरात लागतोय आणि मशीन तुम्हीच चालवणार आहात.

आईने पाद्रीसाहेबांसकट सगळ्या चर्चला सिनेमाला बोलावलंय, हे तिच्या पत्रातून कळलं आणि मी लगेच तुम्हाला लिहायला बसलो. नायकाच्या जिवलग मित्राचं काम मिळालंय, असं मी तिला लिहिलं होतं. ते खोटं नव्हतं. त्यासाठी मी उन्हाळाभर मिशा वाढवल्या (आमची घरमालकीण मिसेस प्रुइट मला जिन्यात बघून किंचाळायची). पण मामा, ही मंडळी सिनेमा सुरुवातीपासून काढत नाहीत. मधून, शेवटाकडून, जिथून स्वस्त पडेल तिथून काढतात. वाळवंटातली जागा भाड्याची होती, म्हणून पहिल्याच दिवशी मला मारून टाकलं. काय मेलो म्हणून सांगू! घोड्यावरून पडलो, उठलो, दोन पावलं चाललो, परत पडलो. आमचे दिग्दर्शक हॉफस्ट्रासाहेब ओरडले, "अरे बाबा, मर की एकदाचा! ऊन चाललंय!" तरी मी टोपी छातीशी धरूनच मेलो. कॅमेरा अगदी माझ्या तोंडाशी आला होता. रंगभूषेच्या बाई डोळे पुसत होत्या (डोळ्यांत वाळू गेली असेल, असं लोक म्हणतात. लोकांना काय).

आता तुम्हीच सांगा, माणूस मेला की त्याचं काम संपलं, असं कुणालाही वाटेल की नाही? मी त्याच संध्याकाळी न्हाव्याकडे जाऊन मिशा उतरवून आलो, वर त्याला बक्षिशीही दिली. सकाळी निरोप आला, की आता जिवंतपणीचे प्रसंग घ्यायचेत! मला बघून हॉफस्ट्रासाहेब आधी नुसते खुर्चीत बसले.

"काल मारला तो कोण होता?"

"मीच, साहेब."

"मग जा, आणि त्याच्या मिशा घेऊन ये."

खोट्या मिशा चिकटवल्या. प्रसंग असा, की नायक आणि मी शेकोटीपाशी एकाच भांड्यातला घेवडा खातोय. अर्धी मिशी घेवड्यात पडली. नायक जातिवंत नट. त्याने न थांबता ती गिळली आणि मग मात्र थांबला. इकडे डिंकाने माझा ओठ वांग्यासारखा सुजला. शेवटी साहेबांनी फर्मान काढलं, की मित्राने बोलायचं नाही, तोंड दाखवायचं नाही, फक्त पाठमोरं डोंगराकडे चालत जायचं. तेव्हा दुसऱ्या रिळात माझी पाठ आहे आणि तिसऱ्यात माझं तोंड, तेही मेलेलं. कंपनीने पुढे काही मला बोलावलं नाही. वाईट वाटलं, मामा, फार वाटलं. सध्या एका बुटांच्या दुकानात लागलोय.

मामीला नमस्कार सांगा.

तुमचा भाचा,
वेंडेल

ता. क. : मुख्य गोष्ट राहिलीच. आई हौसेने मला बघायला येणार आणि तिला दिसणार काय, तर माझं मढं. बाबांना जाऊन अजून वर्षही झालं नाही. तिला ते बघवणार नाही. म्हणून कृपा करून तिसरं रीळ आधी लावा आणि दुसरं नंतर. म्हणजे मी मरेन आणि मग उठून डोंगराकडे चालू लागेन. गोष्ट कुणाला कळणार नाही हे खरं, पण ती हॉफस्ट्रासाहेबांना तरी कुठे कळली होती? पाद्रीसाहेब तर मेलेला माणूस उठलेला बघून खूशच होतील.

आणखी एक ता. क. : ती पाठ माझी नाही. त्या दिवशी मी ओठ घेऊन डॉक्टरकडे बसलो होतो. माझा कोट चढवून घोडे सांभाळणाऱ्या माणसालाच चालवलं. आई अंधारात सगळ्यांना सांगेल, "तो बघा माझा वेंडेल! लहानपणापासून अस्साच चालतो." तिला म्हणू द्या. नंतर तिने विचारलं, तर तुम्ही फक्त "हो गं, ताई" म्हणा.