चार सुट्या अंकांचे साल

मी, खाली सही करणारा, धंद्याने पुस्तकबांधणी करणारा, वय एकाहत्तर पूर्ण आणि बहात्तरावे चालू, हे मृत्युपत्र पूर्ण शुद्धीत आणि कुणाच्याही दबावाखाली न येता लिहीत आहे. दबाव म्हणाल तर टेबलाच्या टोकाला लोखंडी प्रेस आहे, पण त्याखाली आज दुसऱ्याच कुणाची वही आहे. मी आजारी नाही. गेल्याच आठवड्यात डॉक्टरांनी मला ठणठणीत ठरवले. पण डोक्यावरचे एक जुने ओझे नुकतेच उतरले आहे, आणि हात हलका आहे तोवर कागद करून टाकावा म्हणून हा खटाटोप. माझे १९९३ सालचे मृत्युपत्र रद्द समजावे. ते मी रागात लिहिले होते आणि त्यात शुद्धलेखनाच्या चुकाही आहेत.

कलम १. राहते घर माझ्या मुलाला मिळावे. स्वयंपाकघरातला नळ गळतो. गेली सहा वर्षे तो "बघतो, बाबा" म्हणत आहे. आता नळही त्याचाच झाला, तेव्हा निवांत बघावे. बँकेत जे काही असेल ते मुलगा आणि माझी भाची यांनी निम्मे निम्मे घ्यावे.

कलम २. माझी लाकडी शिडी शेजारच्या चष्मेवाल्याकडे आहे. ती पहिल्यापासून आपलीच, असे तो सांगत फिरतो. ती मी त्याला या कलमाने देत आहे, म्हणजे ती माझी होती हे कागदावर आले. ज्याला काही मिळते त्याला साक्षीदार होता येत नाही असे वकील म्हणाले. त्यामुळे चष्मेवाल्याची सही घ्यावी लागली नाही, हा वरचा फायदा.

कलम ३. दुकान. हे दुकान मी कुणालाही देत नाही, कारण ते माझे नाही.

याचा खुलासा करणे भाग आहे. दुकान वडिलांचे. मी थोरला, माझी बहीण धाकटी, आणि दोघेही त्यांच्या हाताखाली शिकलो. वडिलांनी १९८४ मध्ये कागद करून ठेवला: "चालू दशक सरेपर्यंत दुकान थोरल्याने चालवावे. दशक सरले की ते धाकटीचे." दोन वर्षांनी ते गेले. १ जानेवारी १९९० ला धाकटी आपल्या सुया, मेणाचा दोरा आणि ॲप्रन घेऊन दारात उभी राहिली. मी तिला उंबऱ्यावरच थांबवले. म्हटले, दशक अजून सरलेले नाही. सालांची मोजणी एकपासून सुरू होते, शून्य साल नव्हतेच. मग पहिले दशक एक ते दहा, आणि त्याच चालीने हे दशक १९८१ ते १९९०. पुढच्या वर्षी ये.

मोजणी म्हणून हे बरोबरच होते आणि आजही आहे. ती एवढेच म्हणाली की लोक आकडा बघून दशक म्हणतात. ज्या दहा सालांत ऐंशी दिसते ते ऐंशीचे दशक, आणि वडीलही लोकांतलेच होते. मी ऐकले नाही. खरे कारण मोजणीचे नव्हतेच. धाकटीचा हात माझ्यापेक्षा चांगला होता, आणि एकदा ती आत आली की गिऱ्हाईक मला विचारणार नाही याची मला धास्ती होती. ती गेली आणि मागच्या गल्लीत तिने स्वतःचे दुकान टाकले. वर्षाने मी किल्ली पाठवली, तर ती गेली तशीच परत आली. त्यानंतर वीस वर्षे आम्ही बोललो नाही. माझी पत्नी होती तोवर ती तिच्याकडे जात असे आणि घरी आल्यावर मुद्दाम काही सांगत नसे.

कलम ४. तळच्या खणातले चार अंक. हे सांगायला मला वीस वर्षे लागली, म्हणून सविस्तर लिहितो.

१९९१ च्या सुरुवातीला वाचनालयाने बागकामाच्या त्रैमासिकाचे दहा सालांचे अंक बांधायला पाठवले, १९८० ते १९८९. मी माझा हेका लावून १९८० चे चार अंक बाजूला काढले, १९९० चे चार मागवले आणि खंडाच्या पाठीवर सोनेरी आकड्यांत छापले: १९८१–१९९०. कापडाचा रंग जुळावा म्हणून वडिलांनी बांधलेला आधीचा खंड मागवला. त्याच्या पाठीवर होते १९७०–१९७९.

म्हणजे वडिलांचे दशक नवाला संपत होते. धाकटीचे बरोबर होते. आणि १९८० साल ना त्यांच्या खंडात होते, ना माझ्या. ते बांधायचे तर चूक कबूल करावी लागली असती. मी ते चार अंक तळच्या खणात टाकले आणि ग्रंथपालबाईंना सांगितले की माझ्याकडे नाहीत. त्यांनी नोंदवहीत 'गहाळ' लिहिले.

गेल्या महिन्यात बाई निवृत्त झाल्या. जाण्याआधी माझ्याकडे येऊन त्यांनी पुन्हा विचारले, ऐंशी साल कुठे दिसले का. या वेळी तोंडातून 'नाही' हा शब्द निघेना. मी खण उघडला, अंक त्यांना दाखवले, आणि तसाच ते काखेत मारून मागच्या गल्लीत गेलो.

धाकटीने दार उघडले. तिचे केस पांढरे झाले आहेत, हे मला कुणी सांगितले नव्हते. मी उभ्या उभ्या सगळे सांगितले. तिने अंक हातात घेऊन कडा तपासल्या, कसर लागलेली नाही ना ते पाहिले, आणि म्हणाली,

"मला माहीत होतं, दादा. सत्तरच्या खंडावरचे आकडे मीच छापलेत. बाबांनी सांगितले तसे."

मग तेव्हाच का बोलली नाहीस, असे मी विचारले.

"वाटलं, कधीतरी तो खंड तुझ्या हातात येईल आणि तू येशील. आधी वाट बघितली. मग राग आला. मग सवयच झाली."

मला रडू आले, आणि लाज वाटली नाही. वीस वर्षांत इतका मोकळा श्वास मी घेतलेला नाही.

कलम ५. हे चार अंक धाकटीने स्वतंत्र, बारीकसा खंड करून बांधावेत आणि वाचनालयाला द्यावेत. पाठीवर एकच साल छापावे. कागदाची घडी दाबायची माझी हाडाची पट्टी आणि आकड्यांचे ठसे भाचीला मिळावेत. तिने दशक कसेही मोजावे, फक्त मोजण्याआधी समोरच्याला विचारावे.

कलम ६. दुकानाची किल्ली माझ्या मरणाची वाट न पाहता आज सकाळी धाकटीच्या हातात दिली. या वेळी ती परत आली नाही. आता मी काय करू, असे विचारले तर म्हणाली,

"तुझ्या मोजणीनं नवं दशक उद्यापासून ना? मग उद्यापासून कामाला ये. नऊला. उशीर चालणार नाही."

हे मृत्युपत्र मी वाचून, समजून, खालील दोघांसमोर त्यावर सही केली आहे. धाकटीलाही सही करायची होती, पण किल्ली घेतल्यावर तिला साक्षीदार होऊ देणे मलाच बरे वाटले नाही.

सही: पुस्तकबांधणीवाला

साक्षीदार १: निवृत्त ग्रंथपालबाई (नोंदवहीतले 'गहाळ' खोडून आल्या)
साक्षीदार २: डॉक्टर (ठणठणीत असल्याची खात्री पुन्हा करून)

ठिकाण: धाकटीचे दुकान, कामाचे टेबल
दिनांक: ३१ डिसेंबर २०१०. माझ्या मोजणीने दशकाचा शेवटचा दिवस. धाकटीच्या मोजणीने मला एक वर्ष उशीर झाला आहे, आणि तिचे खरे धरावे.