दोन टक्क्यांचा अलार्म

सोमवार, ५ जानेवारी
आजपासून रोज लिहिणार. पुढे कुणी मुलाखत घेतली तर तारखा हाताशी हव्यात. आमच्या मालकांनी, परेशसरांनी, सगळ्यांसमोर सांगितलं, मशीन भूपेशची, जबाबदारीही भूपेशची. म्हणजे माझी! पाण्यातून विजेने हायड्रोजन काढणारी मशीन, आमच्या वालीवच्या गाळ्यात, छपरावरच्या सोलरवर! २२ तारखेला पाहुणे बघायला येणार. त्यानंतर मी आर अँड डी हेड. बायकोला, वसुंधराला, सांगितलं. ती म्हणाली, आधी गीझर बघ, पंधरा दिवस झाले.

गुरुवार, ८ जानेवारी
अलार्म वाजला. मशीनमध्ये एका बाजूला हायड्रोजन, दुसऱ्या बाजूला ऑक्सिजन, मध्ये पातळ पडदा. ऑक्सिजनमध्ये हायड्रोजन दोन टक्के झाला की अलार्म. चारला स्फोट होऊ शकतो, पण चार फार लांब. रेजिना (टेस्टिंग इंजिनिअर, पापडीची, हुशार पण घाबरट) म्हणाली, सर, पडद्याला भोक असणार, उघडून बघू या. उघडायचं म्हणजे दहा दिवस गेले. मी म्हटलं, सकाळी धुकं असतं, सोलर कमी मिळतं, म्हणून आकडा वाढतो.

सोमवार, १२ जानेवारी
धुकं नव्हतं. २.३. सेन्सर खराब असणार. नवा मागवला.

बुधवार, १४ जानेवारी
तीळगूळ वाटला. रेजिनाला म्हटलं, गोड बोल. ती म्हणाली, सर, नवा सेन्सर २.६ दाखवतोय. हल्ली कशालाच क्वालिटी राहिलेली नाही.

शुक्रवार, १६ जानेवारी
अलार्ममुळे लोकांचं कामात लक्ष लागत नाही. मर्यादा दोनवरून साडेतीनवर नेली. तात्पुरती. आता कशी शांतता आहे! फक्त ऑक्सिजनच्या पाइपातून मधूनच कुणीतरी खोकल्यासारखा आवाज येतो. संकल्प: सोमवारी पडदा बघायचाच.

सोमवार, १९ जानेवारी
वेळ मिळाला नाही. बॅनरचं प्रूफ तपासलं. माझ्या नावात भू ऱ्हस्व होता. असं दुर्लक्ष मला खपत नाही.

मंगळवार, २० जानेवारी
रेजिनाने परस्पर परेशसरांना मेल केला. सरांनी विचारलं, काही प्रॉब्लेम आहे का? मी म्हटलं, पोरगी नवीन आहे. सर हसले. ती हसली नाही. निघताना मला म्हणाली, सर, निदान त्या पाइपाजवळ तरी उभे राहू नका. अंगावर काटा आला. जानेवारीची थंडी.

गुरुवार, २२ जानेवारी, सकाळी ११.४०
पाहुणे दारात आणि रेजिनाने मशीनचा इमर्जन्सी स्टॉप दाबला! वर पाहुण्यांसकट सगळ्यांना कंपाउंडच्या बाहेर काढलं. सर काळेनिळे. मी म्हटलं, सर, दहा मिनिटं द्या. एकटा आत आलो, मशीन चालू केली. ऐतिहासिक क्षण, म्हणून इथेच उभ्याउभ्या लिहितोय. रेजिनाने बाहेरून काच बडवली, शेवटी सरांनी तिला ओढत गेटाबाहेर नेलं. ३.४. अलार्म नाही, म्हणजे सेफ. पाइपातला खोकलाही थांबला. आता अगदी

शनिवार, ३१ जानेवारी, हॉस्पिटल
नऊ दिवसांनी पेन धरलं. पत्रे उडाले. माझा डावा हात भाजला, डाव्या कानाचा पडदा फाटला, उजव्यात अजून घूं घूं. बाकी कुणाला ओरखडा नाही, कारण सगळे बाहेर होते. मशीनच्या पडद्याचं अजून सिद्ध व्हायचं आहे.

आज रेजिना आली. डाव्या बाजूच्या स्टुलावर बसून बराच वेळ बोलली. मध्येच डोळे पुसले. एक अक्षर कळलं नाही, पण चेहऱ्यावर आदर दिसत होता, म्हणून मी अधूनमधून मान डोलावली. तिने कागदावर काही लिहून घेतलं.

ती गेल्यावर वसुंधराने उजव्या कानाशी येऊन सांगितलं, अरे, ती चौकशीचा रिपोर्ट लिहितेय. अलार्मची मर्यादा भूपेशसरांनी स्वतः बदलली असं लिहू का, असं विचारत होती. तू हो म्हणालास.

मी ओरडलो, थांबव तिला! वसुंधरा लगबगीने दारापर्यंत गेली. तिथे थांबली. वळली, आणि मला ऐकू यावं म्हणून, अख्ख्या वॉर्डाला ऐकू जाईल अशा आवाजात विचारलं, मग कोणी बदलली होती?

राहू दे, म्हटलं.