उलटामामाची चोरी

मंगळवार, ४ फेब्रुवारी

दुसरीला ‘आधी’ आणि ‘नंतर’ शिकवून घसा बसला. चित्रं ओळीने लावा म्हटलं की पोरं भाकरी आधी खातात, मग थापतात! शेवटी वैतागून म्हटलं, कोडं घालते. ‘एक मामा आधी मोहाची फुलं वाळवतो, मग वेचतो, मग झाडाखाली बसून म्हणतो, फुला, आता पड! मामाचं काय चुकलं?’

पोरं हसून लोटपोट. आठवडाभर तोंड न उघडणारा दिवाल्या बाकावर चढला — ‘येडा मामा, बाई! पहिले फूल पडू दे ना!’ मग सगळा क्रम धडाधड सांगितला. मामाचं नाव ठेवलं उलटामामा.

शनिवार, ८ फेब्रुवारी

आज उलटामामा एसटीतून आधी उतरला, मग चढला. स्टीफनने व्हिडिओ काढले. शाळेत आम्ही नवरा-बायको दोघंच, तो मुख्याध्यापक. म्हणाला, ‘जिल्ह्याच्या नवोपक्रम स्पर्धेला देऊ. प्रस्ताव मी टाकतो, तू पोरांकडे बघ.’ फार आनंद झालाय. नोकरी लागल्यापासून माझं नाव कुणी घेतलंय का कधी?

गुरुवार, २७ फेब्रुवारी

माझी निवड झाली नाही, असं स्टीफन म्हणाला. तरी दोघं नंदुरबारला स्पर्धेची सादरीकरणं ऐकायला गेलो. मंचावर रूपाली! डी.एड.ची माझी रूममेट, आता शहाद्याकडे शिकवते. ‘माझ्या वर्गातला उलटामामा!’ मोहाऐवजी कापूस घातला होता, एवढंच. टाळ्याच टाळ्या.

केसाने गळा कापला हिने! बाहेर गाठून सगळ्यांदेखत चोरटी म्हटलं. ती माझ्याऐवजी स्टीफनकडे बघू लागली. स्टीफन म्हणे, ‘जाऊ दे, कशाला तमाशा.’

रविवार, २ मार्च

चर्चमध्ये प्रार्थनेला डोळे मिटले तर रूपालीच दिसली. क्षमा करा म्हणे — मी नाही करणार!

गुरुवार, ६ मार्च

रूपाली दारात. आत घेतलं नाही. ओट्यावरच रडली. ‘मन्ही काय चूक शे? तुझ्या स्टीफनसरांनीच व्हिडिओ पाठवले. तुला विचारायला फोन केला, तोही त्यांनीच उचलला. म्हणाले, प्रिस्किला स्टेजला घाबरते, तूच कर.’

आणि माझा प्रस्ताव? जिल्ह्याच्या कार्यालयात फोन करून विचारलं, तो गेलाच नव्हता.

शुक्रवार, ७ मार्च

स्टीफनला विचारलं, का? म्हणाला, ‘तुझं नाव झालं असतं तर तुला गावोगाव प्रशिक्षणाला बोलावलं असतं. मग इथं माझ्या जेवणाचं कोण बघणार होतं?’ हसत म्हणाला!

रूपालीची माफी मागायला शहाद्याला निघालेय. सोमवारी शाळेत येईन. घरी नाही.