पहिला घोट भुईला

३ मार्च
नोएमीबाई महिनाभर बोलिव्हियाच्या डोंगरात शूटिंग करून ब्युनोस आयरेसला परतल्या. सगळं चित्रण आता माझ्या पुढ्यात, कापायला-जोडायला. गाव मीच सुचवलं होतं, "ऐकलंय, चांगलं आहे" म्हणून. मला आमचं अंगण बघायचं होतं, दुसरं काय.

इथे मी हुहुईचा, सीमेलगतच्या प्रांतातला. म्हणजे आर्जेंटिनाचाच. बोलिव्हियाचं नाव काढलं नाही कधी. साउंडवाला दारिओ म्हणतो, "बोलिव्हियाचा असतास तर खोलीभर बटाट्याचा वास आला असता." मीही हसतो त्याच्याबरोबर.

५ मार्च
आई आहे त्यात.

ओट्यावर बसली आहे, हातात चिचाचा, मक्याच्या दारूचा वाडगा. पिण्याआधी थोडी भुईवर सांडते आणि म्हणते — आमच्या केचुआ बोलीत — "आधी तू पी, धरणीमाते. माझ्या एलॉयला सांभाळ. चौथीतनं शाळा सोडलेलं पोर, तिकडे सिनेमाची चित्रं जोडतंय." नंतर पिते.

नोएमीबाई माझ्या शेजारीच बसून बघत होत्या. "काय म्हणते रे?"
"कोण जाणे."
दुभाष्याकडे पुढे कापून उरेल तेवढंच जाणार आहे.

६ मार्च
कापलं. आता वाडगा उचलते आणि थेट पिते. जोड कुठे दिसतसुद्धा नाही.

नोएमीबाई म्हणाल्या, "तिथे रेंगाळत होतं, बरं केलंस. हात चांगला आहे तुझा."



२९ जुलै
ज्यांचा सिनेमा त्यांना आधी दाखवायचा, ही बाईंची रीत. गावात शाळेच्या भिंतीवर दाखवणार. "चल की, तुझंच काम आहे." मी ताप आल्याचं सांगितलं. दारिओ गेला.

आणि नेमका ऑगस्ट लागतोय. आमच्याकडे हा महिनाच धरणीचा. तिला न देता कोणी पाणीसुद्धा पीत नाही. कापताना हे डोक्यात आलंच नाही. मला फक्त माझं नाव ऐकू येत होतं.

७ ऑगस्ट
बाई परतल्या. आई पडद्यावर प्यायली तसा गलका झाला म्हणे. एक म्हातारा उठून ओरडला, "धरणीला उपाशी ठेवून ढोसतेस? मग गारा पडणार नाहीत तर काय!" बायका तिच्याजवळून उठून गेल्या.

"आणि ती म्हणाली, माझंच चुकलं, त्या दिवशी विसरले," बाई सांगत होत्या. "अरे, पण विसरली नव्हती! मी समोर उभी होते. खोटं का बोलली असेल?"



मग त्यांनी एक गाठोडं दिलं. वाळवलेले काळे बटाटे. "मी सांगितलं होतं, आमचा जोडणारा एलॉय, हुहुईचा, तापाने पडलाय. तर निघताना तिने हे हातात ठेवलं. म्हणाली, त्या पोराला द्या, अंगात ताकद येईल."

खोलीभर वास सुटला. दारिओने मान खाली घालून हेडफोन चढवले.

८ ऑगस्ट
भुईला देण्याचा तो तुकडा परत लावला. नोएमीबाईंना शेजारी बसवलं. दुभाष्याला बोलावू नका म्हटलं. आईच्या बोलण्याचा अर्थ पडद्याखाली मीच टाइप केला — माझ्या नावासकट.