उतू जाणारं दूध

लेकरा,

मांत्रिकांनी आरशांना उद्याचं दाखवायला शिकवलं, तेव्हा सगळं गाव हरखलं होतं. आज सकाळपासून प्रत्येक आरशात घरं रिकामी दिसताहेत. शेजारची शिंपीण म्हणाली, "काकू, म्हणजे जे काही येणार आहे त्यातून आपण वेळेवर सुटलो की. चला, बोचकी बांधा."

माझ्या आरशात मात्र चूल पेटलेली आहे आणि दूध उतू जातंय. घर सोडणारी बाई दूध चुलीवर ठेवून जाते का? आपण गेलेलो नसणार, काम करता करता नाहीसे झालेलो असणार. शिंपिणीला मी हे बोलले नाही. तिच्या मांडीवर पोर निजलं होतं.

उद्या चूल पेटवायचीच नाही, असं ठरवून मी पुन्हा आरशात पाहिलं. दूध तसंच उतू जात होतं. मग दाराशी तुझे बूट दिसले. तुझे बाबा गेल्यापासून तू आलास की आधी माझ्यासाठी चहा टाकतोस.

हे पत्र न्यायला आता कुणी मिळणार नाही, आणि तू निघालाही असशील. म्हणून ते इथेच ठेवून मी पुलावर जाते आहे. तू दिसलास की शिव्या देईन, दगड मारीन, पण अलीकडे पाऊल टाकू देणार नाही.

तुझी आई